मका-सोयाबीनच्या रानात भोपळा : प्रकल्पाच्या नोंदी, २०२५

१२ एप्रिल २०२५
मॉर्टन, टेझवेल काउंटी, इलिनॉय

वही आजपासून सुरू. काम काय आहे ते आधीच लिहून ठेवतो, म्हणजे नोव्हेंबरात हिशेब करताना सोयीचं तेवढंच आठवायचा मोह होणार नाही.

मालकांची जमीन साधारण १,४०० एकर. एका वर्षी मका, पुढच्या वर्षी सोयाबीन, मग परत मका. त्यांच्या लहानपणी याच रानात ओट, गहू, चाऱ्याचं गवत आणि दुभती जनावरं होती. आता गोठा रिकामा आहे आणि पिकं दोनच. यंदा ३८ एकरांवर तिसरं पीक घेतोय: डबाबंद करायचा भोपळा. त्यातल्या २६ एकरांत नेहमीची मशागत. उरलेल्या १२ एकरांत गेल्या ऑक्टोबरात राय (थंडीत वाढणारं, गव्हासारखं तृणधान्य) पेरली होती, ती मे महिन्यात आडवी पाडून तिच्या आच्छादनातच भोपळ्याची पेरणी, नांगर न लावता. नोंदी, मातीचे नमुने आणि रोगराईची पाहणी माझ्याकडे. शोधायचं ते एवढंच, की तिसरं पीक इथे टिकतं का आणि त्याचा बेवड पुढच्या मक्याला लागतो का.

बेवड हा शब्द मालकांना समजावून सांगायला मला अर्धा तास लागला. त्यांच्याकडे ‘रोटेशन’ आहे, पण तो नुसता पिकांचा क्रम. आधीचं पीक रानात काय ठेवून गेलं, हे एका शब्दात सांगायची सोय त्यात नाही. आता ते ‘बेवाड’ म्हणतात आणि मला ते फार आवडतं.

माती पाहिली की लातूर जिल्ह्यातल्या औशाचं आमचं रान आठवतं, तशीच काळीभोर. पण दोन्हींचा काळेपणा वेगळा. आपली काळी बेसॉल्ट झिजून झालेली. उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि सेंद्रिय कर्ब जेमतेम. इथे हिमनद्या ओसरल्यावर वाऱ्याने आणून टाकलेली बारीक माती आहे, आणि तिच्यावर हजारो वर्षं वाढलेल्या प्रेअरी गवताच्या मुळांनी ती काळी केली. मुठीत धरली की भुसभुशीत, ताज्या चहाच्या चोथ्यासारखी. पण खालून पाणी निघत नाही, म्हणून रानोरान जमिनीखाली निचऱ्याच्या नळ्या टाकलेल्या आहेत. पूर्वी भाजक्या मातीच्या असायच्या, म्हणून प्लास्टिकच्या नळ्यांनाही अजून ‘टाइल’च म्हणतात.

२४ एप्रिल

सोयाबीन आणि मका दोन्ही पेरण्या एकदम चालू आहेत. मक्याची पेरणी उरकल्यावरच सोयाबीन पेरायचं ही जुनी रीत आता मोडली. लवकर पेरलेल्या सोयाबीनला पेरे जास्त येतात, शेंगा जास्त लागतात. एकदम चोवीस ओळी पेरणाऱ्या यंत्रापुढे आपली तिफण आठवून छाती दडपते, पण वाफसा बघायची पद्धत तीच: माती उचलायची, मुठीत दाबायची, अंगठ्याने फोडायची.

आजचं खरं काम कागदावरचं होतं. भोपळ्याच्या ३८ एकरांत मागच्या तीन वर्षांत कोणतं तणनाशक पडलं, त्याची फवारणी-वही काढून ओळ न ओळ तपासली. मक्यात मारलेलं अॅट्राझिन किंवा सोयाबीनमधली काही औषधं मातीत उरली, तर भोपळ्याचं रोप पिवळं पडून जागेवर बसतं. शेताच्या एका कोपऱ्यात दोन वर्षांपूर्वी दुबार फवारणी झाल्याची नोंद निघाली. तिथली माती एका कुंडीत घेऊन काकडीचं बी लावलंय. दहा दिवसांत कळेल. मका आणि सोयाबीनची औषधं एकमेकांच्या बेतानेच निवडलेली असतात. तिसरं पीक आणायचं तर निर्णय दोन वर्षं आधी घ्यावा लागतो, हे मला इथे येईपर्यंत ठाऊक नव्हतं.

४ मे

काकडी हिरवीगार उगवली. कोपरा सोडायची गरज नाही.

१६ मे

आज शिकागोला धुळीच्या वादळाचा इशारा लागला. त्या शहरासाठी असा इशारा पहिल्यांदाच निघाला. धूळ शिकागोची नव्हती. मध्य इलिनॉयच्या नुकत्या पेरलेल्या, उघड्या रानांची होती. दुपारनंतर फोनवर चित्रं येत राहिली: उंच इमारती आणि त्यांच्यामागून चालून येणारी तपकिरी भिंत.

मालक बराच वेळ गप्प होते. मग १ मे २०२३ बद्दल बोलले. त्या दिवशी स्प्रिंगफील्डच्या दक्षिणेला आय-५५ महामार्गावर अशीच शेतातली धूळ आली, पुढचं दिसेनासं झालं, गाड्यांवर गाड्या आदळल्या आणि माणसं गेली. “ती माती कुणाच्या तरी शेतातली होती,” एवढंच म्हणाले.

संध्याकाळी दोघं रायच्या पट्ट्यात जाऊन उभे राहिलो. छातीला लागेल एवढी वाढलीय. वारा वर सळसळत होता आणि खाली मातीचा कणही हलत नव्हता. शेजारच्या मशागतीच्या रानात पायाखालून धुळीचे लोट निघत होते. हा फरक आकड्यात कसा लिहायचा ते मला कळलेलं नाही, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही.

२८ मे

राय फुलोऱ्यात आली, परागाची पिवळी भुकटी हाताला लागते. हाच मुहूर्त. आधी पाडली तर परत उठते, उशीर झाला तर तिचंच बी तण होऊन पडतं. बोथट पात्यांचा लोखंडी रूळ ट्रॅक्टरपुढे लावून १२ एकर आडवे केले. पातं ताट कापत नाही, जागोजागी ठेचतं, म्हणून ते उभ्या मुळावर हळूहळू वाळतं. खाली चार बोटं जाड चटई झाली.

५ जून

भोपळ्याची पेरणी. बियाणं भोपळा डबाबंद करणाऱ्या कारखान्याचं, तोडणीही कारखान्याची, भाव करारात आधीच लिहिलेला. मॉर्टन स्वतःला जगाची भोपळा-राजधानी म्हणवतं आणि त्यात तथ्य आहे: अमेरिकेतला डबाबंद भोपळा बहुतेक सगळा पिओरियाच्या आसपासच्या या टापूतच पिकतो. हे पीक इथे टिकून आहे ते त्या कारखान्यामुळे. माती याहून चांगली कारखान्यापासून दूरच्या काउंट्यांतही आहे, पण तिथे फारसा कुणी भोपळा लावत नाही.

वाण डिकिन्सन. हॅलोवीनला कोरतात तो नारिंगी, पाणचट भोपळा वेगळा. हा लांबट, साय घातलेल्या चहाच्या रंगाचा, आतून घट्ट आणि गोड. आपला लाल भोपळाही याच जातकुळीचा. बी हातात घेतलं तेव्हा ओळखीचं वाटलं, ते उगीच नव्हतं.

मशागतीच्या २६ एकरांत काम सरळ झालं. रायमध्ये घोळ. चटई इतकी जाड, की पेरणी यंत्राच्या तव्याने, म्हणजे गोल पात्याने, ती कापण्याऐवजी पेरणीच्या चरीत दाबून टाकली. बी ओल्या काडावर पडलं, मातीवर नाही. तीनदा वजन वाढवलं, तव्याला धार लावून आणली, तेव्हा कुठे चर मिटायला लागली. पहिले चार एकर मात्र तसेच गेले. रूळ ज्या दिशेने फिरवला त्याच दिशेने पेरायला हवं होतं. आम्ही आडवं पेरलं. चूक माझी. नकाशा मी काढला होता.

१७ जून

मोजणी. शंभर जागांपैकी मशागतीच्या रानात ८९ उगवल्या, रायमध्ये ६४, आणि त्या पहिल्या चार एकरांत जेमतेम निम्म्या. तुटाळ पडली.

मालकांचा मुलगा म्हणाला, राहू दे, वेल पसरून जागा भरतील. मी म्हटलं, नांग्या भरू, म्हणजे रिकाम्या जागी हाताने पुन्हा बी लावू. मका-सोयाबीनच्या शेतकऱ्याला नांग्या भरणं ठाऊकच नाही. ३४ हजार ताटांचा एकर हाताने कोण भरणार? पण भोपळ्यात एकेका वेलाला मोल आहे. हंगामी कामाला आलेले मेक्सिकोतल्या मिचोआकानचे दोघे भाऊ सोबत आले. खुरप्याची इथे पद्धत नाही, तर त्यांनी टोकदार सळई आणली: काड बाजूला, भोक, दोन बिया, टाचेने दाब. दोन दिवसांत चार एकर झाले. ते भोपळ्याला ‘कालाबासा’ म्हणतात, आणि तोडीला कोवळी फुलं भाजीला हवीत असं त्यांनी आधीच सांगून ठेवलंय. आम्हा तिघांच्या घरी भोपळा ही भाजी आहे. इथे तो ‘पाय’ नावाच्या भाजलेल्या गोड पदार्थात जातो.

२६ जून

रायमधली रोपं फिकी. अपेक्षित होतं, काड कुजवणारे जिवाणू मातीतलं नत्र आधी खातात. वेलाच्या बुडाशी पट्ट्यात नत्र दिलं, आठवड्यात रंग फिरला. तण मात्र रायमध्ये जवळपास नाही. मशागतीच्या रानात दुसरी कोळपणी चालू आहे.

११ जुलै

सकाळी साडेपाचला रानात. भोपळ्याचं फूल उजाडताना उघडतं आणि दुपारच्या आत मिटतं, म्हणून मधमाश्या मोजायच्या तर याच वेळी. मोजायला गेलो ते पाळीव माश्या, आणि नोंद झाली दुसरीच. इथे भोपळवर्गाच्या फुलांवरच जगणारी एक रानमाशी आहे. पोळं करत नाही. मादी एकटीच जमिनीत बीळ करून राहते. पाळीव माशी पेटीतून निघायच्या आधी ही फुलात पोचलेली असते. नर तर मिटलेल्या फुलातच झोपतात. कालचं कोमेजलेलं फूल हळूच उघडलं तर आत दोन नर अंग मुडपून पडलेले.

रायच्या पट्ट्यात दहा मिनिटांत १९ मोजल्या, मशागतीकडे ११. एका सकाळच्या मोजणीवरून काही सिद्ध होत नाही, तरी कारण पटण्यासारखं आहे: बीळ वीतभर-हातभर खोल असतं आणि नांगर तिथपर्यंत पोचतो. आणखी चार सकाळी मोजणार. मादी फुलाखाली बोराएवढा भोपळा आधीच बसलेला असतो. पराग मिळाले तर तो धरतो, नाहीतर दोन दिवसांत पिवळा होऊन गळतो. एवढ्या मोठ्या यंत्रांच्या रानात सगळा हिशेब त्या बिळातल्या माशीपाशी येऊन थांबतो.

३० जुलै

मक्यात तांबेरा, दक्षिणेकडचा. याचे बीजाणू इथल्या हिवाळ्यात तग धरत नाहीत. दरवर्षी वाऱ्याबरोबर दक्षिणेकडून नव्याने येतात, आणि यंदा लवकर, फार जोरात आले. रानातून चाललं की शर्टावर केशरी भुकटी बसते. भर म्हणून काळ्या डांबरी ठिपक्यांचा रोगही आहे. तो या देशात पहिल्यांदा दिसला २०१५ मध्ये, इलिनॉय आणि इंडियानात, आणि तो मात्र गेल्या सालच्या धसकटात मुक्काम करतो. विमानाने फवारणी झाली. खर्चाचा आकडा पाहून मालकांनी चष्मा काढून ठेवला.

२२ ऑगस्ट

पाऊस नाही. भोपळ्याच्या पानांवर भुरी आहे, पण फळ आता पोसलंय. आमची खरी धास्ती होती फळकुजीची. तिचा बुरशीसारखा रोगजंतू, फायटोफ्थोरा, साचलेल्या पाण्यात पोहत फळापर्यंत जातो आणि एकदा रानात शिरला की वर्षानुवर्षं निघत नाही. फळ काडाच्या चटईवर राहिलं तर कूज कमी लागेल, हे पाहण्यासाठीच तर हे १२ एकर. पण पाणीच साचलं नाही. दोन्हीकडे फळं निरोगी. म्हणजे या १२ एकरांच्या मुख्य प्रश्नाला यंदा उत्तर नाही. वहीत तसंच लिहितो: कोरड्या सालात कूज कमी आली, त्याचं श्रेय रायला देता येत नाही.

मालकांना २००९ आठवतं. पावसाने रानं चिखलाची झाली, यंत्रं आत जाईनात, भोपळे जागेवर सडले आणि नोव्हेंबरात देशभर दुकानांत डबे संपले. २०१५ मध्येही अतिपावसाने पीक साधारण निम्म्यावर आलं होतं. एकाच टापूत सगळं पीक असण्याचा हा धोका.

१५ सप्टेंबर

तोडणी. ट्रॅक्टरपुढचं रुंद पातं भोपळे वेलापासून सोडवत ढकलत जातं आणि त्यांची लांबच लांब रास लागते; मागून पट्ट्याचं यंत्र त्यांना उचलून ट्रकमध्ये टाकतं. भर वेगात भोपळ्यांचा धडधडाट, आणि गावभर शिजत्या भोपळ्याचा वास. गावात उत्सवही याच दिवसांत असतो.

इथला टन २,००० पौंडांचा, म्हणजे ९०७ किलो. मशागतीच्या रानात एकरी २४ टन, रायमध्ये २१. पहिले चार एकर बाजूला काढले तर रायचा उतारा २३ वर जातो. रायमधल्या फळाला माती जवळजवळ नव्हती, कारखान्याच्या माणसाने स्वतःहून सांगितलं.

मिचोआकानच्या भावांनी तोडीच्या आधी फुलं नेली. मी एक भोपळा नेला. किसून, गूळ घालून शिजवला, कणीक भिजवली, घारगे तळले. मालकांनी सहा खाल्ले.

२४ सप्टेंबर

गावाकडून अण्णांचा फोन. आठवडाभर मराठवाड्यात पाऊस थांबलेला नाही. आमच्या ओढ्याकाठच्या तुकड्यात कंबरभर पाणी आहे.

“सोयाबीनला शेंगंतच मोड आलेत रे. तूर पण उभ्या उभ्या पिवळी पडली.”

मी विचारलं, “अण्णा, वरचं रान?”

“तिथंबी मशीन जाणार न्हाई पंधरा दिवस. तुमच्याकडं कसं?”

इथे पाण्याचा थेंब नाही, हे त्यांना सांगताना जड गेलं. दोन्हीकडे सोयाबीनच. आपल्याकडे सोयाबीन रुजवण्यात या राज्याचाही वाटा आहे: १९६० च्या दशकात इलिनॉय विद्यापीठाची माणसं पंतनगर आणि जबलपूरच्या कृषी विद्यापीठांबरोबर याच पिकावर काम करत होती. जबलपूरच्या जेएस-३३५ वाणाने पुढे लातूरची ज्वारी मागे सारली. अण्णांनी शेवटची ज्वारी कोणत्या साली पेरली हे विचारायचं होतं. आज नाही विचारलं.

७ ऑक्टोबर

सोयाबीनची काढणी आणि धान्याच्या एलेव्हेटरवर पहिली फेरी. उंच गोल कोठारं, खाली वजनकाटा. ट्रक उभा राहिला की वरून नळी येऊन मालात घुसते, नमुना ओढते, मिनिटभरात ओल, मातेरं आणि तुटीचे दाणे पडद्यावर. मापाडी नाही, घासाघीस नाही. ही व्यवस्था पाहिली की मका-सोयाबीन कुणी का सोडत नाही ते समजतं. रात्री अकरालाही माल आणा, घेणारा आहेच.

पण आज त्याच काट्यावर नुकसान झालं. सोयाबीनची ठरलेली ओल १३ टक्के. आमचं भरलं ९. जास्त ओल असली तर कपात होते. कमी असली तर भरपाई नाही, फक्त वजन घटतं. हिशेब केला: शंभर बुशेलमागे साडेचार बुशेल हवेत गेले. उन्हातान्हात इतकं वेगाने वाळलं, की हार्वेस्टरपुढेच शेंगा फुटत होत्या. मालकांच्या मुलाने मग पहाटे दव असताना काढणी सुरू केली.

भाव बुशेलला १० डॉलरच्या आसपास. बुशेल म्हणजे सोयाबीनचे २७.२ किलो, क्विंटलला ३६-३७ डॉलर, आजच्या दराने सव्वातीन हजार रुपयांच्या आतबाहेर. अण्णांच्या सोयाबीनचा यंदाचा हमीभाव ५,३२८ आहे, तो बाजारात मिळत नाही ही गोष्ट वेगळी. चीनने मे महिन्यापासून अमेरिकेचं नवं सोयाबीन घेतलेलं नाही, ब्राझीलकडून घेतोय. त्यात मिसिसिपी नदीला पाणी कमी, सलग चौथं साल. नदीतून माल नेणाऱ्या बार्जांत माल कमी भरावा लागतो, वाहतूक महागते आणि ती तूट शेवटी याच काट्यावर कापली जाते. भोपळ्याचा भाव मात्र पेरणीच्या आधी ठरला होता, तेवढाच मिळाला.

१ नोव्हेंबर

परवा दक्षिण कोरियातल्या बुसानला अमेरिका आणि चीनचे अध्यक्ष भेटले. वर्षअखेरपर्यंत १ कोटी २० लाख टन सोयाबीन घेऊ असं चीनने कबूल केल्याची बातमी आहे. भाव वर सरकलाय. आमचं अर्धं सोयाबीन कोठारात आहे, अर्धं विकून झालंय.

८ नोव्हेंबर

कॉलिन्सविलला जाऊन आलो, दोन-सव्वादोन तासांचं अंतर. मिसिसिपीच्या पूरमैदानात तिथे हॉर्सरॅडिश पिकतं, जर्मन कुटुंबांनी रुजवलेलं. मुळाचे तुकडे वसंतात लावायचे, वर्षाच्या शेवटी काढायचे. मूळ किसताना मोहरीचा ठसका बसावा तसं नाका-डोळ्यांतून पाणी येतं. तिथल्या एका शेतकऱ्याने गोदाम दाखवलं: शीतगृह, प्रतवारीचा पट्टा, ठरलेले ग्राहक. मालकांना मुद्दाम नेलं होतं. परतताना ते म्हणाले, पुढच्या साली तिसरं पीक कोणतं, हा प्रश्न आपण उलटा विचारत होतो. आधी घेणारा शोधू, मग बी.

१६ नोव्हेंबर

शेवटचं काम. भोपळ्याच्या सगळ्या ३८ एकरांत सप्टेंबरअखेर राय पेरली होती. ओल नसल्याने महिनाभर अर्धीमुर्धीच उगवली. आता बोटभर आहे. टाइलच्या तोंडाशी पाणीच नाही, त्यामुळे नायट्रेटचा, म्हणजे पाण्यात विरघळून जाणाऱ्या नत्राचा, एकही नमुना घेता आला नाही. हे बोचतं. राज्याने २०१५ मध्ये ठरवलं होतं, की इथून इलिनॉय नदीवाटे मिसिसिपीत आणि पुढे मेक्सिकोच्या आखातात जाणारं नायट्रेट २०२५ पर्यंत १५ टक्क्यांनी कमी करायचं. त्या सालचा आमचा रकाना कोरा. बाटल्या धुऊन गोदामात ठेवल्या आहेत. नळी वाहू लागली की लगेच जाणार, जानेवारीत असली तरी.

या रानात २०२६ ला मका. भोपळ्याचा बेवड तेव्हा कळेल. राय आणि मशागत यांच्या सीमेवर खुणेची लोखंडी पट्टी पुरून ठेवलीय, म्हणजे पुढच्या साली ती सीमा शोधत बसावं लागणार नाही.

पुढचा भोपळा ओढ्यापलीकडच्या ४० एकरांत. त्या रानात पुढच्या साली सोयाबीन आहे, भोपळा त्यानंतर, २०२७ ला. म्हणून फवारणी-वहीत २०२६ च्या पानावर आजच लाल शाईने लिहिलं, कोणतं औषध तिथे मारायचं नाही ते. मालकांनी खाली सही केली आणि मुलालाही करायला लावली.

रात्री अण्णांना फोन केला. रब्बीला ओढ्याकाठच्या तुकड्यात ज्वारी पेरलीय म्हणाले. २००३ नंतर पहिल्यांदा.